पोर्ट आर्थरची पोर

१ ऑक्टोबर १९७०. कामानिमित्त लॉस एंजेलिसला मुक्कामी असलेल्या सत्तावीस वर्षांच्या एका अविवाहित मुलीने त्या दिवशी आपल्या मृत्युपत्रावर सही केली. मिळकतीचा अर्धा भाग आईवडिलांना, पाव भाग धाकट्या बहिणीला, पाव भाग धाकट्या भावाला. शिवाय अडीच हजार डॉलर वेगळे काढून ठेवलेले. ते कशासाठी? तर आपल्यामागे मित्रमंडळींनी एकत्र जमून मनसोक्त खावे-प्यावे, यासाठी!

बँकेच्या नोकरीत मयत खातेदारांचे दावे निकालात काढण्याचे काम मी बरीच वर्षे केले. त्या कामाने एक गोष्ट शिकवली. माणूस हयातभर काय बोलला यापेक्षा शेवटच्या कागदावर त्याने कोणाची नावे लिहिली, यावरून त्याचे मन अधिक कळते. मुलाशी वीस वर्षे अबोला धरलेल्या बापाच्या फॉर्मवर त्याच मुलाचे नाव मी पाहिले आहे. म्हणूनच की काय, जॅनिस जॉपलिन या अमेरिकन गायिकेच्या आयुष्याबद्दल वाचताना मला तिच्या गाण्यांच्या आधी हे मृत्युपत्र भिडले. ज्या मुलीला सारे जग घरदार सोडलेली, बेबंद, दारूची बाटली हातात घेऊन रंगमंचावर येणारी म्हणून ओळखत होते, तिने शेवटच्या कागदावर पहिले नाव लिहिले ते आईवडिलांचे. सही करून तीन दिवस होतात न होतात, तोच ती गेली.

माझी आणि तिची ओळख झाली ती एका कॅसेटमुळे. नोकरीच्या सुरुवातीला मुंबईच्या शाखेत शेजारच्या काउंटरला वांद्र्याचा एक सहकारी होता. त्याने ती ऐकायला दिली. लताबाईंच्या आवाजावर पोसलेल्या माझ्या कानांना पहिल्यांदा तो आवाज म्हणजे कोणीतरी जाड कापड टरकावून फाडते आहे असाच वाटला. दुसऱ्या दिवशी मी कॅसेट परत केली, आणि आठवड्याने पुन्हा मागून घेतली. तोवर हिप्पी म्हणजे काय, हे आम्हाला १९७१ च्या ‘हरे रामा हरे कृष्णा’ने आणि गोव्याच्या किनाऱ्यावरून येणाऱ्या बातम्यांनी शिकवले होते. चिलीम, गळ्यात मण्यांच्या माळा आणि घर सोडून पळालेली मुले. त्या चित्रात घरी नेमाने पत्रे लिहिणारी मुलगी कोठेच बसत नव्हती.

जॅनिसचा जन्म १९ जानेवारी १९४३ चा, टेक्सास राज्यातल्या पोर्ट आर्थर या गावचा. मेक्सिकोच्या आखाताजवळचे हे गाव तेलशुद्धीकरणाच्या कारखान्यांवर जगणारे. चेंबूर-माहुलच्या बाजूला ज्यांनी दिवस काढले आहेत त्यांना तिथल्या हवेचा वास वेगळा सांगायला नको. वडील सेथ जॉपलिन तेल कंपनीत इंजिनिअर होते. ग्रंथालयात रमणारा, बाखचे संगीत ऐकणारा, गावात तसा एकटाच असलेला माणूस. आई डोरोथी तरुणपणी छान गात असे. पुढे गळ्याच्या ग्रंथीची शस्त्रक्रिया झाली आणि तिचा गाता आवाज गेला. त्यानंतर घरातला पियानोही गेला. ज्या घरातून आईचे गाणे असे निघून गेले, त्या घरातल्या थोरल्या मुलीने पुढे गळा फाटेपर्यंत गावे, यात कोणी कार्यकारणभाव शोधू नये. पण ही गोष्ट मनातून जात नाही, हे खरे.

लहानपणी ती गाण्यापेक्षा चित्रांसाठी ओळखली जाई. चौदाव्या वर्षी सुटीत तिने गावच्या ग्रंथालयासाठी चित्रे काढली, तेव्हा स्थानिक वर्तमानपत्राने तिचा फोटोसुद्धा छापला. सगळे ठीक चालले होते. मग ती वाढत्या वयाची झाली. वजन वाढले, चेहऱ्यावर पुटकुळ्यांचे व्रण उठले. त्यात भर म्हणून तिला मते होती! त्या काळी टेक्सासमध्ये गोऱ्यांची शाळा वेगळी, काळ्यांची वेगळी. ही भिंत पाडायला हरकत काय, असे ती वर्गात म्हणाली, आणि त्या दिवसापासून शाळेच्या जिन्यात, मैदानात तिच्यामागे टोमण्यांचा ससेमिरा लागला. मुली तिला टाळत. पुस्तके वाचणाऱ्या, रात्री गाड्या घेऊन भटकणाऱ्या चार-पाच मुलांचा एक कंपू होता, त्यांनी तिला आपल्यात घेतले. त्यांच्याच संगतीत तिला लेडबेली, ओडेटा आणि बेसी स्मिथ या काळ्या गायकांच्या तबकड्या सापडल्या. ज्यांच्या मुलांना तिच्या शाळेची दारे बंद होती, त्यांच्या गाण्यात तिला आपले दुःख ऐकू आले.

१९६२ साली ती ऑस्टिनच्या विद्यापीठात दाखल झाली. तिथे केनेथ थ्रेडगिल नावाच्या प्रौढ गृहस्थाचा एक जुना पेट्रोल पंप होता. त्यातच त्याने बियरचे दुकान थाटले होते आणि तिथे गाणाऱ्यांना मोकळीक होती. अनवाणी, जीन्स घातलेली, हातात ऑटोहार्प घेतलेली ही मुलगी तिथे गायला लागली. थ्रेडगिलने तिला मायेने वागवले, आणि ती ते कधी विसरली नाही. आठ वर्षांनी, जगप्रसिद्ध झाल्यावर, त्याच्या वाढदिवसाच्या समारंभाला ती मुद्दाम विमानाने आली. पण विद्यापीठ काही थ्रेडगिल नव्हते. वर्गणी जमवण्यासाठी विद्यार्थी एक स्पर्धा घेत, आवारातला सर्वांत कुरूप पुरुष निवडण्याची. त्या यादीत कोणीतरी जॅनिसचे नाव घातले. विनोद म्हणून! तिच्या मित्रांच्या आठवणींत ही गोष्ट वेगवेगळ्या तपशिलांनी येते. पण ती तिच्या जिव्हारी लागली होती, याबद्दल एकमत आहे. जानेवारी १९६३ मध्ये चेट हेल्म्स या मित्राबरोबर, येणाऱ्या-जाणाऱ्या गाड्यांना अंगठा दाखवत, ती सान फ्रान्सिस्कोला निघून गेली.

पुढची दोन वर्षे घातक गेली. गाणे थोडे, आणि अंगावर उतरणाऱ्या उत्तेजक द्रव्यांच्या सुया जास्त. १९६५ च्या उन्हाळ्यापर्यंत वजन चाळीस किलोंवर आले. शेवटी मित्रांनीच वर्गणी काढून बसचे तिकीट हातात ठेवले आणि तिला घरी पाठवले.

तिच्या चरित्रातले हे घरचे वर्ष फार कमी जणांना ठाऊक असते. मला ते सर्वांत महत्त्वाचे वाटते. तिने केस नीट उंच बांधले, साधे कपडे शिवून घेतले, जवळच्या ब्यूमाँटच्या कॉलेजात समाजशास्त्राला नाव घातले, एका समुपदेशकाकडे नेमाने जाऊ लागली. एका तरुणाशी लग्न ठरले. त्याने घरी येऊन रीतसर मागणीही घातली. आई लग्नाच्या तयारीला लागली. आणि तो तरुण हळूहळू पत्रे पाठवेनासा झाला. आईवडिलांना हवी तशी मुलगी होण्याचा तिने मनापासून केलेला हा प्रयत्न होता. तो फसला, त्यात तिच्या एकटीचा दोष नव्हता.

जून १९६६ मध्ये चेट हेल्म्सचा निरोप आला. तो आता सान फ्रान्सिस्कोत ‘बिग ब्रदर अँड द होल्डिंग कंपनी’ नावाच्या वाद्यवृंदाचे काम पाहत होता आणि त्यांना गायिका हवी होती. (हे नाव प्रथम ऐकले तेव्हा मला कर्जाचा अर्ज घेऊन येणारी एखादी फर्म वाटली होती.) जॅनिस गेली, घरी न सांगता. पोहोचल्यावर पहिले काम केले ते घरी पत्र लिहिण्याचे. आपल्यामुळे तुम्हाला पुन्हा त्रास होणार हे तिला कळत होते. मागच्यासारखे होऊ देणार नाही, गाणे जमले नाही तर पुन्हा कॉलेजात येईन, अशी ग्वाही तिने दिली होती. त्यानंतर पत्रांचा सिलसिलाच सुरू झाला. भाडे किती, नवा पोशाख कसा शिवला, पाळलेल्या कुत्र्याचे नाव जॉर्ज कसे ठेवले, वर्तमानपत्रात काय छापून आले, त्याची कात्रणे. बहीण लॉराने १९९२ मध्ये ही पत्रे आपल्या पुस्तकात आणली, तेव्हा रॉक संगीताची ही राणी वसतिगृहात राहणाऱ्या कोणत्याही मुलीसारखी घरच्या शाबासकीची वाट पाहत होती, हे लोकांना समजले.

१९६७ च्या जूनमध्ये कॅलिफोर्नियातल्या माँटरे येथे तीन दिवसांचा महोत्सव झाला. शनिवारी दुपारी जॅनिस गायली. बिग मामा थॉर्नटन या काळ्या गायिकेचे ‘बॉल अँड चेन’ तिने असे काही म्हटले की समोरचे लोक थक्क झाले. मात्र वाद्यवृंदाच्या व्यवस्थापकाने चित्रीकरणाला नकार दिला होता. म्हणून दुसऱ्या दिवशी, १८ तारखेला, तिला पुन्हा उभे करण्यात आले. त्याच रविवारी दुपारी त्याच मंचावर पंडित रविशंकर सतारीला आणि आपले उस्ताद अल्लारखा तबल्याला बसले होते. दुपारी त्या समुदायाने शांत बसून राग ऐकला आणि संध्याकाळी या चोवीस वर्षांच्या मुलीचा आक्रोश ऐकला. दोन्हींना त्यांनी सारखीच दाद दिली. त्या पिढीला नुसते पळपुटे म्हणणाऱ्यांनी हा रविवार लक्षात ठेवावा.

तिच्या गाण्यात होते तरी काय? ती ओरडते, असे म्हणणे सोपे आहे. तमाशाच्या बारीवरचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचतो तो केवळ मोठा असतो म्हणून नव्हे, तर गाणारीने स्वतःला मागे काही ठेवलेले नसते म्हणून. जॅनिसचे तसेच होते. कुजबुजीतून निघायचे, एकच शब्द सात-आठ वेळा वेगवेगळ्या वजनाने फोडायचा, आणि नेमक्या जागी आवाज चिरू द्यायचा. रॉकच्या मंचावर तोवर पुरुषांचे राज्य होते, आणि स्त्रियांनी उभे राहायचे ते बहुधा नटून, गोड दिसून. ही आली ती विस्कटलेल्या केसांनी, मण्यांच्या माळा आणि पिसे लेवून, घामाने निथळत. जिला कुरूप ठरवले होते, तिच्यावरून लोकांची नजर हटेना.

१९६८ च्या ऑगस्टमध्ये ‘चीप थ्रिल्स’ ही तबकडी आली आणि आठ आठवडे अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर राहिली. हाती पैसा आला. तिने साडेतीन हजार डॉलरना एक जुनी पोर्श मोटार घेतली आणि एका मित्राकडून ती बॉनेटपासून मागच्या बंपरपर्यंत रंगीबेरंगी चित्रांनी रंगवून घेतली. पण वर्षअखेर तिने वाद्यवृंद सोडला. पैसा, नाव आणि एकटेपण ही तिन्ही एकदम वाढत होती. सोबतीला दारू होतीच, त्यात हेरॉइन आले, ज्याच्या भेसळीच्या धाकट्या भावाला आपण ऐंशीच्या दशकात ‘गर्द’ म्हणू लागलो.

याच काळातली वडिलांची एक गोष्ट ती सांगत असे. सेथ जॉपलिन यांचे म्हणणे असे की, माणूस आठवडाभर राबतो तो शनिवार रात्रीच्या आशेवर. आणि ती रात्र येते तेव्हा तिच्यात काहीच नसते. ही सारी एक मोठी फसवणूक आहे. तेलाच्या कारखान्यात उभे आयुष्य काढलेल्या, मनातले बोलायला माणूस न मिळालेल्या गृहस्थाचे हे तत्त्वज्ञान. मुलीने त्यातून आपल्या १९६९ च्या ‘कोझ्मिक ब्लूज’ या गाण्याची कल्पना घेतली. बापलेकीचे पटत नव्हते असे आपण म्हणतो, तेव्हा हेही ध्यानात ठेवायला हवे. तिच्या गाण्यातली निराशा रस्त्यावरून आली नव्हती. ती घरच्या वडिलोपार्जित चिजवस्तूंपैकीच एक होती.

१९७० साल उजाडले. फेब्रुवारीत ती ब्राझीलला गेली, काही महिने हेरॉइनपासून दूर राहिली. नवा वाद्यवृंद जमला. त्या ऑगस्टमध्ये तिने दोन जुनी देणी फेडली. पहिले बेसी स्मिथचे. ब्लूज गाण्याची ही सम्राज्ञी १९३७ मध्ये मोटार अपघातात गेली आणि पेनसिल्व्हेनियातल्या एका दफनभूमीत तेहतीस वर्षे तिच्या थडग्यावर नावाचा दगडसुद्धा नव्हता. लहानपणी बेसीच्या घरी कामाला जाणारी वनिता ग्रीन आता समाजात प्रतिष्ठित झाली होती. ती आणि जॅनिस, दोघींनी खर्च वाटून घेऊन तो दगड बसवला. ज्या स्त्रीला कधी पाहिले नाही, तिचे ऋण आहे असे मानणे आणि ते रोख चुकते करणे, हे मला तिच्या कोणत्याही बक्षिसापेक्षा मोठे वाटते.

दुसरे देणे गावाचे होते, की येणे, कोण जाणे. शाळा सोडून दहा वर्षे झाली म्हणून पोर्ट आर्थरला तिच्या वर्गाचा स्नेहमेळावा होता. जाणार असल्याचे तिने दूरचित्रवाणीवर जाहीर केले, ते काहीशा विजयी सुरात. केसात पिसे, हातभर बांगड्या, डोळ्यांवर मोठा रंगीत चष्मा अशी ती आली. पत्रकार जमले. सुरुवातीला ती हसतखेळत बोलली. मग कोणीतरी शाळेच्या शेवटच्या वर्षीच्या नृत्यसमारंभाचा विषय काढला. तिला तिथे नेणारे कोणी भेटले नव्हते, हे सांगताना तिचा चेहरा पडला. त्या चित्रफितीत जगाची लाडकी गायिका क्षणभर दिसेनाशी होते आणि सतरा वर्षांची मुलगी समोर येते. वर्गमित्रांनी सर्वांत लांबून आल्याबद्दल तिला भेट दिली ती मोटारीच्या टायरची. घरीही ती भेट सुखाची झाली नाही, कुरबुरी झाल्या. गाव बदलले नव्हते, आणि तिलाही नुसते जिंकायचे नव्हते. तिला आपलेसे करून घ्यायला हवे होते. दोघांनाही ते जमले नाही.

सप्टेंबरमध्ये लॉस एंजेलिसला नव्या तबकडीचे ध्वनिमुद्रण सुरू झाले. पॉल रॉथचाइल्ड या निर्मात्याने तिला आवाज उधळण्याऐवजी जपून वापरायला शिकवले. काम उत्तम चालले होते, लग्नाचेही ठरत होते. पण हेरॉइन परत आले होते. १ ऑक्टोबरला, मृत्युपत्राच्याच दिवशी, तिने वाद्यांशिवाय ‘मर्सिडीज बेन्झ’ हे गमतीचे गाणे एका दमात ध्वनिमुद्रित केले. मोटार, रंगीत टीव्ही असे देवाकडे एकेक मागणाऱ्या भक्ताची ही थट्टा! शनिवारी, ३ तारखेला, ‘बरीड अलाइव्ह इन द ब्लूज’ची वाद्ये मुद्रित झाली. ती खूश होती. दुसऱ्या दिवशी त्यावर गायचे ठरले.

ती शनिवारची रात्र होती. लँडमार्क हॉटेलच्या १०५ क्रमांकाच्या खोलीत तिने सुई घेतली. मग सिगारेट आणायला खाली आली, यंत्रात घालायला कारकुनाकडून सुटे पैसे घेतले, पाकीट घेऊन खोलीत परतली. रविवारी ती स्टुडिओत आली नाही म्हणून संध्याकाळी तिचा व्यवस्थापक जॉन कुक खोली उघडून आत गेला. ती पलंगाशेजारी पडलेली होती, आणि हातात उरलेली चिल्लर तशीच होती. हेरॉइन नेहमीपेक्षा खूप कडक निघाले होते. सोळाच दिवसांपूर्वी जिमी हेंड्रिक्स गेला होता, तोही सत्तावीस वर्षांचा.

तिची रक्षा पॅसिफिक महासागरात विसर्जित केली. मृत्युपत्रातल्या अडीच हजार डॉलरची मेजवानीही झाली. जानेवारी १९७१ मध्ये ‘पर्ल’ तबकडी आली आणि नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिली. तिच्यातले एक गाणे शब्दांवाचूनच छापले गेले, ते त्या रविवारी गायचे राहिलेले. ती चित्रे काढलेली पोर्श तिच्या भावंडांनी डिसेंबर २०१५ मध्ये लिलावात काढली, तेव्हा तिला १७ लाख ६० हजार डॉलर आले. ते पैसे गायिकेच्या नावाला आले, साडेतीन हजारांच्या पत्र्याला नव्हे.

आणि पोर्ट आर्थर? १९ जानेवारी १९८८ रोजी, तिच्या पंचेचाळिसाव्या जयंतीला, गावाने तिचा ब्राँझचा पुतळा उभारला. हजारो माणसे जमली. ज्या गावाने टायर दिला होता, त्या गावाने अठरा वर्षांनी पुतळा दिला. पाहुण्यांना गावकरी आता अभिमानाने दाखवतात, ही आमची जॅनिस.

तिचे आईवडील दुष्ट नव्हते, हे मला पुनःपुन्हा सांगावेसे वाटते. ते सज्जन, वाचणारे, मुलीवर जीव असलेले लोक होते. १९६७ मध्ये ते दोन्ही धाकट्या मुलांना घेऊन सान फ्रान्सिस्कोला तिचे गाणे ऐकायलाही गेले होते. प्रेम दोन्हीकडे होते. फक्त मुलगी ज्या नाण्यात शाबासकी मागत होती, ते नाणे त्यांच्या घरात चालत नव्हते. तिला व्यसनाने मारले, आणि त्या व्यसनाची भलावण मी करणार नाही. पण आपल्याही घराघरांत एखादी पोर असते जरा जास्त मोठ्याने बोलणारी, चारचौघांत न बसणारी, आपल्याला न कळणाऱ्या गोष्टीत रमणारी. तिने गावच्या लायकीचे व्हावे म्हणून आपण तिला वर्षानुवर्षे तासत राहतो. तिने कधी एखादे कात्रण, एखादे चित्र, एखादे गाणे आपल्यापुढे धरले, तर तेवढा वेळ हातातले काम बाजूला ठेवून ते पाहावे. पुतळा नंतर कोणीही उभारते.